बॉम्बरबुवा

बॉम्बरबुवा तारीख कधी एकटी सांगत नाहीत. जर्मन धरणांवरचा ब्रिटिश बॉम्बहल्ला १६/१७ मे १९४३, न्यूरेंबर्गचा ३०/३१ मार्च १९४४. विमानं रात्री निघायची आणि परतलीच तर दुसऱ्या दिवशी पहाटे, म्हणून त्या रात्रींच्या तारखा अशा जोडीनं, मधल्या तिरप्या रेघेसकट लिहितात. इथवर ठीक आहे. पण बुवांच्या बाबतीत ती रेघ युद्धातून निसटून संसारात शिरली आहे. दवाखान्यातल्या मुलीनं जन्मतारीख विचारली की बुवा म्हणतात, "११/१२ नोव्हेंबर. आईला कळा सुरू झाल्या ११ला, मी उतरलो १२ला." मुलगी संगणकाकडे बघते. संगणकाला एकच तारीख हवी असते. मागे रांग वाढत जाते.

त्यांच्या स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर दोन शाया आहेत. विमानातल्या लोकांच्या लॉगबुकात रात्रीची मोहीम लाल शाईनं आणि दिवसाची हिरव्या शाईनं लिहायची रीत होती. बुवांकडे कचऱ्याचा डबा सकाळी बाहेर ठेवायचा असतो, म्हणून तो हिरवा. मेहुणी संध्याकाळच्या गाडीनं यायची, म्हणून ती लाल. मेहुणीला याचा अर्थ कळला तेव्हापासून ती दुपारच्या गाडीनं येते.

बॉम्बरबुवा ही व्यक्ती नव्हे, जमात आहे, आणि तिची सगळ्यात दाट वस्ती इंग्लंडमध्ये लिंकनशायरला. सपाट जमीन, पलीकडे उत्तर समुद्र आणि समुद्रापलीकडे जर्मनी. दुसऱ्या महायुद्धात या जिल्ह्यात बॉम्बफेकी विमानांचे इतके तळ झाले की अजूनही त्याला 'बॉम्बर काउंटी' म्हणतात. वॉडिंग्टन आणि कनिंग्जबीला हवाई दल आजही आहे. इतर बहुतेक तळांवर आता गहू, बीट, बटाटे पिकतात. गावागणिक एक तरी बुवा असतो, आणि त्या बटाट्यांखाली धावपट्टी नेमकी कुठे होती ते तो तुम्हाला शेतात उभं करून दाखवतो. पाऊस असेल तर विशेष आनंदानं.

आमच्या वाट्याचे बुवा कुंपणापलीकडेच राहतात. नोकरीत जन्मभर लोकांच्या जमिनी मोजल्या, निवृत्तीनंतर आकाश मोजायला घेतलं. आम्ही नवीन राहायला आलो तेव्हा दारावरची बेल वाजली. इथले शेजारी केक घेऊन येतात असं ऐकून होते. बुवा नकाशा घेऊन आले होते. "तुमच्या न्हाणीघरावरून लँकॅस्टर वळायची," ते म्हणाले, "चाकं खाली सोडून."

"आता नाही ना वळत?" मी विचारलं.

"वळते," बुवा खिन्न होऊन म्हणाले. "पण फक्त उन्हाळ्यात. आणि एकच." लँकॅस्टर ही बॉम्बफेकी विमानं बांधली गेली ७,३७७, आणि आज उडणारी उरली आहेत दोन. एक कनिंग्जबीला, दुसरं कॅनडात. एवढं दुःख दारात उभ्यानं ऐकणं बरं नव्हे, म्हणून मी त्यांना आत बोलावलं. त्यानंतर बुवांनी आमच्याकडची बेल वाजवलेली नाही. सरळ आत येतात.

या माणसांचं सगळं सुरू होतं एका फोटोपासून. आमच्या बुवांकडे तो मामाचा होता. आजीच्या शेकोटीवरच्या फळीवर चौकटीतला एकोणीस वर्षांचा पोरगा, डोक्यावर तिरकी टोपी. त्याच्याविषयी घरात कोणी बोलत नसे आणि फोटो पुसताना आजी कोणाला मदत करू देत नसे. निवृत्त झाल्यावर बुवांनी ठरवलं, मामाचा छडा लावायचा. मामाची फाइल महिन्याभरात झाली, आणि ती आजही त्यांच्याकडची सगळ्यात पातळ फाइल आहे. एकोणीस वर्षांच्या पोराचं आयुष्य ते किती असणार? पण लँकॅस्टरमध्ये एकटा कोणी नसे. वैमानिक, फ्लाइट इंजिनिअर, नेव्हिगेटर, बॉम्ब टाकणारा, वायरलेसवाला, पाठीवरच्या मनोऱ्यातला तोफची आणि शेपटीतला तोफची, असे सात. मामा पाठीवरचे. मग उरलेले सहा कोण? हा प्रश्न पडला आणि बुवा कामातून गेले. सहांपैकी एकाची आधीची तुकडी वेगळी निघाली. तिथे आणखी सहा. त्यांतला एक आजारी पडला म्हणून त्याच्या जागी त्या रात्रीपुरता दुसरा गेला होता, तर तो कुठला? एकेका विमानातून सात घरांची दारं उघडत गेली, आणि बुवांची झोपायची खोली हळूहळू पाहुण्यांच्या खोलीत, मग जिन्याखाली सरकत गेली.

या सातांपैकी बहुतेकांची गाठ कशी पडायची, हा बुवांचा आवडता विषय. लष्कर म्हणजे सगळं हुकमानं. पण इथे प्रशिक्षण घेणाऱ्या पोरांना एका मोठ्या हँगरमध्ये सोडून देत आणि सांगत, आपापली टोळी जमवा. कोणी कोणाला चेहऱ्यावरून निवडलं, कोणी बोलीवरून, कोणी याच्याकडे सिगारेटी बऱ्या आहेत म्हणून. ज्याला मघाशी पाहिलं त्याच्याबरोबर जगायचं, आणि बहुधा त्याच्याबरोबरच मरायचं. ड्यूटीचा पहिला हप्ता ३० मोहिमांचा. ब्रिटिश हवाई दलाच्या बॉम्बर कमांडमध्ये सुमारे सव्वा लाख माणसं उडाली आणि त्यांतली ५५,५७३ मेली. हा आकडा सहसा लोक सांगतात आणि पुढे एक सुस्कारा सोडतात. बुवा सुस्कारा सोडत नाहीत, दुरुस्ती सोडतात: "लिंकनच्या केंद्रात भिंतींवर जवळजवळ ५८,००० नावं आहेत. त्यांनी मोजणी जास्त रुंद धरली आहे. आकडा बोलताना कुठला ते सांगावं."

हे आंतरराष्ट्रीय बॉम्बर कमांड केंद्र लिंकनच्या कॅनविक टेकडीवर आहे. मध्ये गंजलेल्या रंगाच्या पोलादाचा मनोरा, उंची ३१.०९ मीटर, म्हणजे लँकॅस्टरच्या पंखांच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत जेवढं अंतर तेवढीच. येणारे लोक माना वर करून मनोरा बघतात. बुवा भिंतीला नाक लावून नावांतली अक्षरं बघतात.

आई मुंबईहून आमच्याकडे राहायला आली तेव्हा तिनं दोन दिवस कुंपणावरून या माणसाचं निरीक्षण केलं. बुवा दारात आलेल्या कुणा अनोळखी बाईला आधी आडनाव विचारत होते, मग गाव, मग आजोबांचं नाव. मग आत जाऊन एक जाडजूड वही आणून तिच्यापुढे तिच्याच घराण्याचं पान उघडत होते आणि ती बाई डोळे पुसत होती. आईनं निकाल दिला, "अगं, हे तर इथले त्र्यंबकेश्वरचे गुरुजी!" मला पटलंच. यजमानाला स्वतःचे पणजोबा ठाऊक नसतात, ते गुरुजींच्या चोपडीत असतात. फरक एवढाच की बुवा दक्षिणा घेत नाहीत. जाताना तुमच्या घरातल्या माळ्यावर जुनी पेटी आहे का, तेवढं विचारतात.

बुवांची काशी म्हणजे लंडनजवळ क्यूला असलेलं राष्ट्रीय अभिलेखागार. तिथे 'एअर २७' या मथळ्याखाली प्रत्येक स्क्वाड्रनची दैनंदिनी आहे. कोणतं विमान, आत कोण, किती वाजता उडालं, किती वाजता उतरलं, आणि शेवटच्या रकान्यात शेरा. उतरण्याची वेळ कोरी असली तर शेऱ्याची गरज नसते. ही पानं त्या त्या तळावरच्या कारकुनानं टंकलेली. मामांच्या स्क्वाड्रनच्या कारकुनाशी बुवांचं हाडवैर आहे. या गृहस्थानं एकाच माणसाच्या आडनावाची एकाच महिन्यात तीन रूपं केली आहेत. त्याच्या यंत्राचं एक अक्षर जरा वर उडतं, त्यावरून बुवा त्याला शंभरांत ओळखतात. त्याची सुटी कधी होती, सर्दी कधी झाली असावी, तो कोणत्या तारखेला प्रेमात पडला असावा, याविषयी बुवांचे अंदाज आहेत. "१९४४च्या वसंतात त्याचं लक्षच नव्हतं," ते रागानं म्हणतात. मग थोडं थांबून, "सकाळी बसून रोज कोरे रकाने टाईप करायचे म्हणजे..." असं अर्धवट बोलतात आणि चष्मा पुसतात.

या इतिहासाचं बरंच काम सरकारनं केलं नाही, प्राध्यापकांनीही केलं नाही. बुवांच्या मते ते कोंबड्यांनी केलं. मार्टिन मिडलब्रूक हे लिंकनशायरमधल्या बॉस्टनचे कुक्कुटपालक. त्यांनी माणसांना पत्रं लिहून, भेटून, आठवणी गोळा करून पुस्तकं लिहिली, त्यांत न्यूरेंबर्गच्या त्या रात्रीवरचं १९७३चं पुस्तक. त्या रात्री ७९५ विमानं गेली आणि ९५ परतली नाहीत. त्यांतल्याच एका विमानात ख्रिस्तोफर पँटन होता. त्याचे धाकटे भाऊ, फ्रेड आणि हॅरल्ड, तेही कोंबड्या पाळणारे. त्यांनी ईस्ट कर्कबीचा जुना तळ विकत घेतला, एक लँकॅस्टर विकत घेतली आणि संग्रहालय उभं केलं. 'जस्ट जेन' नावाचं ते विमान अजून उडत नाही, पण चारी मर्लिन इंजिनं सुरू करून जमिनीवर धावतं. ते सुरू होतं तेव्हा पोटात आतडी हलतात. बुवा अंड्याकडे कधीच निव्वळ अंडं म्हणून बघत नाहीत. मोहिमेवरून जिवंत परतलेल्याला त्या टंचाईच्या काळात खरं अंडं मिळायचं, हा त्यातला दुसरा पदर.

बुवांच्या बायकोला बागकामाचा नाद. लग्नाला बरीच वर्षं झाल्यावर एका सकाळी बुवा न्याहारीला म्हणाले, "आज दिवसभर गार्डनिंग." बाईंना भरून आलं. त्यांनी बुवांसाठी नवे हातमोजे काढून ठेवले. बुवा खोलीत गेले ते संध्याकाळी बाहेर आले. समुद्रात सुरुंग पेरण्याच्या मोहिमांना बॉम्बर कमांड 'गार्डनिंग' म्हणत असे. सुरुंग म्हणजे भाज्या, आणि किनाऱ्यांना फुलापानांची गुप्त नावं: कीलजवळ 'फर्गेट-मी-नॉट', लोरियाँजवळ 'आर्टिचोक', ऑस्लोजवळ 'अनियन'. बुवांनी दिवसभरात तिन्ही वाफे आवरले होते. घराबाहेरचा वाफा अजूनही बाई एकट्याच आवरतात. हातमोजे मात्र बुवांना उपयोगी पडले. जुनी कागदपत्रं ते घालून हाताळतात.

रविवारी दुपारी बुवांकडे वंशज येतात. कोणाच्या हातात पदक, कोणाच्या हातात बिस्किटांचा पत्र्याचा डबा. प्रत्येकाबरोबर एक गोष्ट असते आणि ती ऐंशी वर्षं घरात वाढलेली असल्यामुळे चांगलीच धष्टपुष्ट असते. सगळ्यात मोठा ओघ असतो धरणफोड्यांच्या नातवंडांचा. "६१७ स्क्वाड्रननं त्या रात्री १९ विमानं पाठवली," बुवा मला सांगतात. "१९ साते १३३. ५३ जण मेले, ३ कैद झाले. माझ्याकडे येणाऱ्या नातवंडांवरून हिशेब केला तर धरणावर गर्दीमुळे विमानं एकमेकांवर आपटली असती."

पाहुण्याला खरं सांगण्याची त्यांची पद्धत ठरलेली आहे: आधी चहा, मग बिस्किट, मग कागद. एकदा एक बाई आल्या. वैमानिक मेल्यावर आजोबांनी एकट्यानं विमान बर्लिनहून परत आणलं, असं त्या लहानपणापासून ऐकत आल्या होत्या. बुवांनी शोधलं तर आजोबा विमानात चढलेच नव्हते. ते जमिनीवरचे इंजिन फिटर. बाईंचा चेहरा पडला. बुवांनी दुसरं बिस्किट पुढे केलं आणि बोलायला लागले. विमानं हँगरमध्ये नसायची, उघड्या शेतात उभी असायची. जानेवारीच्या वाऱ्यात हा माणूस पंखावर चढून, बोटं गारठलेली असताना, इंजिनाचं आवरण काढून काम करायचा. संध्याकाळी सात पोरं त्याच्या विमानात बसून जायची आणि तो पहाटे धावपट्टीच्या कडेला उभा राहून येणारी विमानं मोजायचा. आपलं आलं नाही तर आपल्या हातून काही राहिलं का, हे त्याला कोण सांगणार? बुवांनी त्यांना त्यांच्या आजोबांच्या नावाचं एक पान छापून दिलं. बर्लिनची गोष्ट त्या तिथेच विसरून गेल्या. पान मात्र दोन्ही हातांनी धरून नेलं.

म्हणजे बुवा चमत्काराच्या विरुद्ध आहेत असं नाही. त्यांचा लाडका चमत्कार निकोलस अल्केमेड. २४/२५ मार्च १९४४, बर्लिनच्या मोहिमेत विमान पेटलं, शेपटीतल्या या तोफचीचा पॅराशूटही जळाला. आगीत मरण्यापेक्षा म्हणून त्यानं १८,००० फुटांवरून तशीच उडी टाकली. खाली पाइनची झाडं आणि बर्फ. पाय मुरगळला, एवढंच. जर्मनांना ते खरं वाटेना, त्यांनी विमानाचे अवशेष तपासले आणि मग मानलं. बुवांना उडीपेक्षा हे तपासणं जास्त भावतं. "शत्रू असले तरी माणसं पद्धतशीर," ते म्हणतात.

आम्ही महाराष्ट्रातले आहोत हे समजल्यावर बुवांची आमच्यावरची कृपा वाढली. धरणांच्या मोहिमेचा नायक गाय गिब्सन सिमल्यात जन्मला होता. "तुमच्या घरापासून सिमला किती लांब?" त्यांनी विचारलं. अंतर सांगितल्यावर आमचा भाव उतरला. दुसऱ्या दिवशी ते वेगळा कागद घेऊन आले: शैलेंद्र एकनाथ सुखटणकर. लँकॅस्टरवरचे नेव्हिगेटर, पुढे जाऊन लक्ष्य दाखवणाऱ्या पाथफाइंडर दलात. ४५ मोहिमा करून जिवंत राहिले, डीएफसी पदक मिळालं, आणि ज्या लँकॅस्टरमधून उडाले त्यांतली एक आज लंडनला हेंडनच्या हवाई दल संग्रहालयात उभी आहे. मी हे पहिल्यांदाच ऐकत होते. आई मात्र सरसावून बसली. "कुठले सुखटणकर?" तिनं सुरुवात केली. "आमच्या आत्याच्या चाळीत एक होते. त्यांचा चुलता विमानात होता म्हणत. का बोटीवर?" मी भाषांतर करत होते आणि बुवा भराभर लिहून घेत होते. आत्या कोणती, चाळ कोणती, साल कोणतं, सांगणाऱ्यानं स्वतः पाहिलं की ऐकलं. आईला जन्मात इतका एकाग्र श्रोता मिळाला नव्हता. शेवटी बुवांनी वही मिटली आणि वर शेरा लिहिला. आईनं मला वाचायला लावलं. 'मौखिक. अपुष्ट.' आई आठवडाभर त्यांच्याशी बोलली नाही. मग मुंबईला तीन फोन लावले, दावा मागे घेतला, आणि बुवांना स्वतः सांगितलं, "बोटीवरच होते." बुवांनी शेरा खोडून 'पडताळलं' असं लिहिलं आणि आईचा हात हातात घेऊन हलवला. एवढा मान तिला जावयाकडूनसुद्धा मिळालेला नाही.

ही विमानं खाली काय टाकत होती, हा प्रश्न बुवांपुढे काढला तर ते टाळत नाहीत, पण भाषणही करत नाहीत. जुलै १९४३चं हॅम्बुर्ग, तिथलं आगीचं वादळ. फेब्रुवारी १९४५चं ड्रेस्डेन, सुमारे २५,००० माणसं. लंडनच्या ग्रीन पार्कमध्ये बॉम्बर कमांडच्या माणसांचं स्मारक उभं राहायला २०१२ साल उजाडलं, ते काही दगड मिळत नव्हता म्हणून नव्हे. कोणी 'वीर' म्हणालं की बुवा चहाचं आधण ठेवायला उठतात. कोणी 'खुनी' म्हणालं तरी उठतात. जास्त वाद झाला की आमच्याकडे सगळ्यांचा चार-चार कप चहा होतो.

मामांचं विमान जर्मनीत ज्या गावाजवळ पडलं, त्या गावातही एक बुवा आहे. निवृत्त शाळामास्तर. जमात तीच, भाषा वेगळी. त्याच्या फायलीत त्याच रात्री जवळच्या शहरात गेलेल्या माणसांची नावं, वयं, घरांचे क्रमांक. दोघांचा पत्रव्यवहार अखंड चालू आहे. अपराध कोणाचा यावर त्यांत एक ओळ नाही. विमान एक वाजून बारा मिनिटांनी पडलं की सतरा, यावर मात्र दोघे एकमेकांना सोडायला तयार नाहीत. त्या पाच मिनिटांसाठी मास्तरांनी चर्चचं जुनं घड्याळ किती मागे पडायचं ते शोधून काढलं. नाताळला दोघे एकमेकांना आपापल्या यादीची एक प्रत पाठवतात.

अलीकडे बुवांना वारसाची काळजी लागली आहे. लिंकनच्या केंद्राचं डिजिटल अभिलेखागार लॉगबुकं, पत्रं स्कॅन करून घेतं, तेव्हा कागदांचं भागलं. पण बुवांच्या डोक्यात जे आहे ते कोणत्या यंत्रावर ठेवायचं? मुलगा म्हणतो, "बाबा, तुमच्यानंतर हे सगळं मी बघीन." तो 'बघीन' कसा म्हणतो ते बुवांना कळतं. मेल्यावर फायली कचऱ्याच्या गाडीत गेलेले तीन बुवा त्यांना नावानिशी माहीत आहेत.

मी हे त्यांच्या बायकोजवळ काढलं. बाई वाफ्यातून उठल्या, हात धुतले आणि मसाल्यांच्या फळीमागून एक जाड वही काढली. आत सरळ रेघांचे रकाने. दिनांक. उड्डाण: सकाळी ७.५०, क्यू. उतरले: रात्री ८.४०. हवामान: पाऊस, छत्री विसरले. निष्पत्ती: एका माणसाच्या मधल्या नावाचं आद्याक्षर. पुढचं पान. उड्डाण: दुपारी २.००, बटाट्याचं शेत. उतरले: ५.१५, बूट वगळून. निष्पत्ती: एक स्क्रू, बहुधा ट्रॅक्टरचा. वर्षानुवर्षांची पानं, एकही मोहीम चुकलेली नाही.

एवढ्यात बुवा आले. चष्मा वर करून त्यांनी दोन पानं वाचली, रकाने तपासले, बेरीज करून पाहिली, आणि चूक सापडेना म्हणून अस्वस्थ झाले. मग चेहरा उजळला. "लॉगबुकात दर महिन्याला कमांडिंग ऑफिसरची सही लागते," ते म्हणाले. "इथे ती कुठे आहे?"

"प्रत्येक पानावर आहे," बाई म्हणाल्या. "माझीच."